तिसऱ्या टप्प्यावरचा काटा

धाकटा : एकोणऐंशी.

थोरली : नीट बघ. खाली चौकीत बहात्तर शेर भरली होती डोली.

धाकटा : ताई, ह्या काट्यापाशी मी बावीस वर्षं येतोय. एकोणऐंशी.

आबा : मी काही खाल्लेलं नाही हं. डॉक्टरीणबाईंनी उपाशी राहायला सांगितलंय म्हणून कालपासून नुसत्या पाण्यावर आहे. पहिल्या टप्प्यापर्यंत येता येता सात शेर वाढायला मी काय वाटेत दगड गिळले?

थोरली : आबा, तुम्ही बोलू नका. पोट दुखेल.

आबा : गप्प बसूनही दुखतंच आहे. मग बोलून दुखलेलं काय वाईट? तुम्ही दोघांनी झाडणी नीट केली नाहीत, दुसरं काही नाही. खाली उभे राहिलात, एकमेकांच्या चपलांकडे बघितलंत, ही म्हणाली "माझं काही नाही", तो म्हणाला "माझंही काही नाही", आणि उचलली दांडी. बावीस वर्षं धड न बोललेल्या भावाबहिणीचं एकमेकांबद्दल काही नाही! चौकीवालीसुद्धा तोंडाला पदर लावून हसत होती.

थोरली : मला नाही आता आठवत झाडणी-बिडणी. मी पलीकडे पुस्तकं बांधते. तिथे ओझं उचलायचं असेल तर माणसं सरळ उचलतात. आधी मन मोकळं करत बसत नाहीत.

आबा : पलीकडे सपाट आहे सगळं, तिथे कोण विचारतो? इथे दांडीच्या दोन टोकांना दोन माणसं. एकाच्या मनात दुसऱ्याबद्दल जे असेल आणि सांगितलेलं नसेल, ते हा डोंगर ओझ्यात घालतो. जितकं वर जावं तितकं जास्त घालतो. बाकी चौकशा करत नाही बिचारा. तू चोरी कर, दरोडा घाल, त्याला घेणं ना देणं. जोडीदारापासून काय दडवलंस तेवढंच बघतो. म्हणून खांदेकरी रोज सकाळी आधी झाडून घेतात आणि मग दांडीला हात लावतात. लहानपणी तोंडपाठ होतं तुला.

थोरली : आणि तुमच्या मनात असेल ते?

आबा : माझ्या? मी सवारी आहे. सवारीचं नुसतं हाडामांसाचं वजन. पस्तीस वर्षं खांदा दिलाय मी, मला शिकवू नकोस. मंत्री नेलेत, चोर नेलेत. एक बाई नेली, ती नवऱ्याला विष घालून निघाली होती, आम्हाला महिन्याने कळलं. पिसासारखी हलकी होती बाई!

धाकटा : चौकीवाली म्हणत होती, घरच्या माणसाला घरच्यांनी उचलू नये. जुने लोक उचलत नसत.

आबा : जुने लोक मांजर आडवं गेलं तरी घरी परत जायचे. सगळ्या जोड्या पहाटेच वर गेल्या, तुझा तो जोडीदार, रेडा, कंबर धरून पडलाय. मग मला काय चौकीवालीने पाठुंगळी घ्यायचं?

थोरली : ते राहू दे. ढग किती वाजता उतरतो खिंडीत?

धाकटा : सूर्य डोक्यावर आला की. त्याच्या आत खिंड ओलांडायची. ढगात वाट सापडत नाही. मग उद्या सकाळपर्यंत आहे तिथेच.

थोरली : उद्या सकाळी काही उपयोग नाही. बाई स्पष्ट म्हणाल्या, गाठ आज संध्याकाळपर्यंत पलीकडच्या दवाखान्यात कापलीच पाहिजे. फुटली तर मग…

आबा : तर मग आबा गेला. म्हण की, घाबरतेस कशाला? चला, झाडा लवकर.

थोरली : आत्ता? असं उभ्या उभ्या? बरं. धाकट्या, काल तू म्हणालास, हा सदरा मीच शिवला. मी छान म्हणाले. भयंकर शिवला आहेस. एक बाही कोपरात आहे आणि दुसरी मनगटात.

धाकटा : माहीत आहे.

थोरली : आता तू सांग.

धाकटा : तू पुढून फार भरभर चालतेस. मागच्याचा जीव जातो.

आबा : अर्धा शेर निघाला असेल. पुढे?

धाकटा : काल तू आलीस तेव्हा मी घरातच होतो. बायकोला म्हटलं, सांग, बाहेर गेलेत.

थोरली : दारात तुझ्या चपला होत्या.

धाकटा : मग काही बोलली का नाहीस?

थोरली : त्याच चपलांशेजारी तासभर बसले होते. ते बोलणंच नव्हे का?

आबा : झाली सुरुवात. आता उचला. चालता चालताही बोलता येतं, तोंडाला काही ओझं नाही.

धाकटा : हळू, ताई. पायऱ्या ओल्या आहेत.

थोरली : हळूच चालते आहे. बोल ना मग. आई गेली तेव्हा मी आले, त्याबद्दल बोल.

धाकटा : दोन दिवसांत निघून गेलीस.

थोरली : तू दोन दिवसांत दोन वाक्यं बोललास. "आलीस?" आणि "निघालीस?" तिसऱ्या वाक्यासाठी किती थांबायचं?

धाकटा : मला वाटलं, आईच्या दागिन्यांच्या पेटीसाठी आलीस.

थोरली : पेटीला हात लावला नाही. हं… कात्री नेली. आईची मोठी कात्री. तुला विचारलं नाही. अजून पुस्तकांचे पुठ्ठे तिनेच कापते.

धाकटा : ती कात्री तू नेलीस?

थोरली : हो.

धाकटा : मी दोन वर्षं शोधत होतो! बायकोवर आळ घेतला. म्हटलं, माहेरी दिलीस. ती आठ दिवस माहेरी जाऊन बसली होती त्या कात्रीपायी.

आबा : ते आठ दिवस मी स्वयंपाक केला. त्याबद्दल मला कोण सॉरी म्हणणार?

थोरली : हसवू नका, आबा, दांडी हलते. टप्पा आला. टांग काट्याला.

धाकटा : शहाऐंशी.

थोरली : एवढं बोलून वाढलंच?

धाकटा : वर आलो आपण. पण एवढं वाढायला नको होतं. दुसऱ्या टप्प्यावर मी आणि रेडा आलो की शेर-दीड शेराचा फरक असतो. तोही भांडण झालं असेल तर.

थोरली : म्हणजे तू काहीतरी दाबून ठेवलं आहेस.

धाकटा : मी? तू ठेवलं असशील.

आबा : भांडा, भांडा. भांडणातही झाडलं जातं. फक्त उचलून भांडा.

धाकटा : पाणी पिऊन घे आधी, ताई. सारखा खांदा चोळतेयस.

थोरली : खांदा सोलला आहे. चालेल. अच्छा, मग विचारतेच. तुझ्या लग्नाला मला का बोलावलं नाहीस?

धाकटा : बोलावलं.

थोरली : कुणी?

धाकटा : आबांबरोबर निरोप दिला. आठवड्यातून तीनदा पलीकडे उतरायचो, पण मी तिथल्या चौकीतच थांबायचो, गावात ते जायचे. टपालसुद्धा तेच न्यायचे. आबा, तुम्ही सांगितलं होतंत ना?

आबा : आई गं! कळ आली. जोराची कळ आली रे.

थोरली : उचल, उचल. बोलणं पुरे. सूर्य बघ कुठे आला.

धाकटा : आबा, घट्ट धरून बसा. ताई, एकदम उचल… आणि आता.

थोरली : धाकट्या.

धाकटा : हं.

थोरली : हे शहाऐंशी नाही.

धाकटा : माहीत आहे. बोलू नकोस, दम राख.

थोरली : थांब. थांब रे! दांडी निसटतेय… ठेव खाली.

धाकटा : वीस पावलं. समोर तिसरा टप्पा आहे, तिथे बाक आहे. वीस. मोज.

थोरली : अठरा… एकोणीस… टांग. टांग लवकर.

धाकटा : एकशे चार.

थोरली : खोटं.

धाकटा : काटा आहे तो, माणूस नाही. एकशे चार.

आबा : किती?

धाकटा : एकशे चार, आबा. तुम्ही साठ आणि डोली बारा. वरचे बत्तीस कुणाचे?

थोरली : माझे नाहीत. मी कात्रीसुद्धा सांगितली.

धाकटा : मग मीच दाबून ठेवलंय असं म्हण.

थोरली : म्हणतेच आहे! तिथे खिंडीकडे बघ, पांढरं दिसायला लागलं. अर्ध्या तासात खिंड बुजेल आणि तुझ्या एका हट्टापायी आबा ह्या बाकावर मरतील. ओक एकदाचं, काय आहे ते!

धाकटा : तू मला बोलावलं नाहीस.

थोरली : काय?

धाकटा : तू गेलीस. जाताना म्हणालीस, तिकडे बस्तान बसलं की तुला बोलावते. मी सतरा वर्षांचा होतो. जिन्यात उभी राहून म्हणालीस. बोलावलं नाहीस. एकदाही नाही. हे आहे. बावीस वर्षं हेच आहे. झालं? बघ काटा.

थोरली : मी काटा बघत नाही. मी तुझ्याकडे बघते आहे. धाकट्या, मी तीनदा बोलावलं.

धाकटा : कधी?

थोरली : पहिल्याच वर्षी. आमच्या गल्लीतल्या घड्याळजीला मुलगा हवा होता, हातात कसब असलेला. मी म्हटलं, माझा भाऊ आहे. चौदाव्या वर्षी घरचं घड्याळ सगळं सुटं करून परत लावलं त्याने, आणि नंतर ते जास्त बरोबर चालायला लागलं. घड्याळजी म्हणाला, पाठवून द्या. राहायला दुकानावरचा पोटमाळा, खाणं माझ्याकडे. मी निरोप दिला. नाही आलास. दिवाणखान्यात बसून रडले मी. दोन महिन्यांनी परत निरोप दिला. मग थंडी संपल्यावर तिसरा. तेव्हा उत्तर आलं.

धाकटा : काय उत्तर?

थोरली : की तो नको म्हणतो. तिने आम्हाला सोडलं, मी तिचं तोंड बघणार नाही, असं म्हणतो.

धाकटा : मी असं म्हटलेलं नाही.

थोरली : ते मला आता दिसतंय.

धाकटा : लिहून का नाही पाठवलंस?

थोरली : तुला तेव्हा धड वाचता कुठे येत होतं? आणि लिहिलं असतं तरी आणणारा तोच होता.

धाकटा : निरोप कुणाकडे दिलास?

थोरली : धाकट्या…

धाकटा : नाव घेऊन सांग. मला ऐकायचं आहे.

थोरली : आबांकडे. तिन्ही वेळा.

धाकटा : आबा.

आबा : ऐकतोय.

धाकटा : रेड्याबरोबर मला दोन वर्षं हलकं जातंय. पहिल्या दिवशी मी दांडी उचलली आणि मागे वळून बघितलं, ओझं पडलं की काय. मी घरी येऊन सांगितलंसुद्धा तुम्हाला. तुम्ही म्हणालात, रेडा रेडाच आहे, त्याच्या अंगात चौघांचं बळ.

आबा : म्हणालो.

धाकटा : वीस वर्षं मी तुमच्याबरोबर चढलो. चौकीत आपल्याला जड जोडी म्हणायचे. इतर जोड्यांना पूर्ण माल, आपल्याला पाऊण. मला वाटायचं, माझ्यातच खोट आहे. रोज सकाळी झाडणीला डोकं खाजवत बसायचो, आज काय राहिलं सांगायचं. तुमची तंबाखू चोरली ते सांगितलं. तुम्ही घोरता त्याचा राग येतो ते सांगितलं. एकदा तुम्ही पडलात तेव्हा मला हसू आलं होतं, तेसुद्धा सांगितलं. संपलं की खोटं खोटं रचून सांगायचो, की त्याने तरी हलकं होईल.

आबा : मला कळायचं, कुठलं रचलेलं ते.

धाकटा : आणि तुम्ही म्हणायचात, "माझं काही नाही."

आबा : हो.

धाकटा : काटा कोण वाचायचं तेव्हा?

आबा : मीच वाचायचो. प्रत्येक टप्प्यावर. रोज. मला माहीत होतं, कुणाचं आहे ते. आता बोलतो, मधे बोलू नका, दम पुरणार नाही. थोरली गेली त्याच महिन्यात माझ्या जोडीदाराने पाय मोडून घेतला. तुमची आई अंथरुणाला. दुसरा माणूस मिळेना. ह्याला पाठवला असता तर दांडीचं दुसरं टोक कोण धरणार होतं? एकट्याला ओझं नेता येत नाही. म्हटलं, एक वर्ष. वर्षाने निरोप सांगू. वर्ष झालं, सांगायला तोंड उघडलं, तर आता निरोपाबरोबर एक वर्षाचं खोटंही सांगायला लागणार होतं. मग म्हटलं, अजून एक. लग्नाचं बोलावणं मी ह्याचसाठी नाही पोचवलं. तुम्ही दोघं मांडवात समोरासमोर आला असतात तर पाच मिनिटांत उघडं पडलो असतो. भित्रा निघालो मी. एवढंच आहे, ह्यापेक्षा मोठं कारण नाही.

थोरली : आणि सवारीचं धरत नाही म्हणालात ते?

आबा : ते खोटं नव्हतं. खरंच वाटत होतं मला. परक्या सवारीला खांदेकऱ्यांपासून लपवायला असतं काय? पोटच्या पोरांनी बापाला उचलून नेलंय असं माझ्या पस्तीस वर्षांत घडलं नाही. चौकीवाली बरोबर होती. पहिल्या टप्प्यावरच माझ्या लक्षात आलं, तरी म्हटलं, निभेल. बत्तीस शेरांपर्यंत म्हणत राहिलो, निभेल.

थोरली : मी वीस वर्षं ह्याला कृतघ्न समजत होते, आबा. माझ्या पोरांना सांगितलं, तुम्हाला मामा नाही. तुम्ही माझ्याकडे यायचात, माझ्या घरी जेवायचात, जाताना मी विचारायचे, धाकटा कसा आहे, आणि तुम्ही म्हणायचात, "त्याचं त्याला बरं आहे." तुमचा संताप येतो मला. तुम्हाला डोलीत घालून मीच आणलं नसतं ना, तर आत्ता चालती झाले असते. झालं. माझं संपलं.

धाकटा : घड्याळजी आहे अजून?

थोरली : चार वर्षांपूर्वी गेला. तुझी वाट बघून दुसरा मुलगा ठेवला होता, दुकान आता त्याचं आहे. चांगलं चालतं.

धाकटा : बरं.

थोरली : काटा बघू? मी बघते. ऐंशी. चोवीस शेर उतरले. अजून आठ आहेत.

आबा : ते माझे नाहीत. माझ्यात आता पोटातल्या गाठीखेरीज काही उरलं नाही.

थोरली : माझेही नाहीत.

धाकटा : माझे आहेत.

थोरली : मग बोल. शिव्या दे. आठ शेर शिव्या दे, मी कान झाकते.

आबा : दे रे. टांगलेला आहे मी, पळून कुठे जाणार?

धाकटा : शिव्या नाहीत.

आबा : मग काय आहे?

धाकटा : संध्याकाळी तुम्हाला कापणार. उठाल, न उठाल. म्हणून मघापासून मनात येतंय, की सांगून टाकावं, आबा, तुम्ही निरोप दिला असतात तरी मी गेलो नसतो. आई आजारी, तुम्ही एकटे, मी कसला जातोय. असं म्हटलं तर तुम्हाला शांत वाटेल.

आबा : वाटेल. म्हण की मग.

धाकटा : म्हटलं तर हे आठाचे ऐंशी होतील. खरं नाही ते.

आबा : असू दे. खरं ते सांग.

धाकटा : गेलो असतो, आबा. त्याच दिवशी गेलो असतो. जेवायलासुद्धा थांबलो नसतो.

(काट्याची साखळी करकरते आणि डोली वीतभर वर येते.)

थोरली : बहात्तर.

आबा : जेवायलासुद्धा नाही?

धाकटा : नाही.

आबा : बरं झालं सांगितलंस.

थोरली : चला. ढग पोचायच्या आत जाऊ. धाकट्या, माझा हा खांदा गेला, मी मागे येते.

धाकटा : ये. पुढे मी होतो. पाय आत घ्या, आबा, इथून कडा अरुंद आहे.